विहिरीतला ज्वालामुखी



शाळेच्या पुस्तकात ज्वालामुखीचे चित्र असते. टोकदार डोंगर, माथ्यावर धूर. मुले विचारतात, असा डोंगर आपल्या देशात कुठे आहे? तो अंदमानच्या समुद्रात, बॅरन बेटावर आहे. भारतातला हा एकमेव जागृत ज्वालामुखी दीडशेहून अधिक वर्षे शांत राहून 1991 साली पुन्हा पेटला. हिमालय मात्र ज्वालामुखीने झालेला नाही. जमिनीचे दोन प्रचंड तुकडे एकमेकांवर रेटले गेले आणि तो वर उचलला गेला.

मग आपल्या कळंबचा ज्वालामुखीशी काय संबंध? फार जवळचा. सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी दख्खनच्या जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या. त्यांतून तप्त लाव्हा निघून दूरवर पसरला. एक थर निवला की त्यावर दुसरा आला. 1646 मीटर उंचीचे कळसूबाई याच थरांचे आहे. अजिंठ्याची लेणी भिक्खूंसाठी याच काळ्या पाषाणात कोरली गेली. आपल्याकडे, पूर्वेच्या कडेला, हे थर पातळ होत जातात.

हाच दगड झिजून आपली काळी माती झाली. ती ओल धरते, म्हणून कपाशी पिकते. पण खालचा अखंड कातळ पाणी धरत नाही. पाणी असते ते वरच्या मुरमात, खडकाच्या भेगांत आणि दोन थरांच्या सांध्यात. म्हणूनच एका वावरात विहिरीला पाणी लागते आणि शेजारच्या वावरात बोअर कोरडी जाते. त्यात नशिबाचा दोष नाही की कोणाचा शाप नाही.

तरीही आपली माणसे हातावर नारळ उभा करणाऱ्याच्या शब्दावर घरातला दागिना गहाण टाकून बोअर मारतात. नारळाला खडकातली भेग दिसत नाही! शासनाची भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा 1972 पासून याच कामासाठी आहे. पैसा घालण्याआधी जिल्ह्याच्या ठिकाणी जाऊन तिथे विचारा. शेजारच्या विहिरी किती खोल आहेत, कोणत्या थराला पाणी लागले, उन्हाळ्यात किती उरते, हे वहीत लिहून सोबत न्या. खात्रीचे पाणी तेही देऊ शकणार नाहीत, पण सल्ला खडक पाहून मिळेल.

आणि ही वही मुलांकडून लिहून घ्या. त्यांचा भूगोल होईल, तुमचा दागिना वाचेल.