१४ विजयांवरून थेट ४४: डेट्रॉइटच्या नव्या कोचनं नेमकं काय बदललं?

गोष्ट आहे २६ डिसेंबर २०२३ची. अमेरिकेतल्या डेट्रॉइट शहरात बास्केटबॉलचा सामना सुरू होता. घरचा संघ डेट्रॉइट पिस्टन्स, समोर ब्रुकलिन नेट्स. पिस्टन्सच्या केड कनिंगहॅमनं एकट्यानं ४१ पॉइंट काढले, तरी पिस्टन्स ११२-११८ असे हरले. हा त्यांचा सलग २७वा पराभव होता. एका हंगामात सलग इतके सामने एनबीएच्या इतिहासात कुणीच हरलं नव्हतं. त्या महिन्यात घरच्याच प्रेक्षकांनी मालकाला ऐकू जाईल अशा घोषणा दिल्या: टीम विकून टाका!

दोन दिवसांनी बोस्टनमध्ये २८वा पराभव झाला. ३० डिसेंबरला टोरोंटोला दोन पॉइंटनी हरवलं, तेव्हा कुठे ही मालिका थांबली.

आता थेट २१ एप्रिल २०२५वर येऊ. आपल्याकडे २२ तारखेची पहाट होती. न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये याच पिस्टन्सनी न्यूयॉर्क निक्सला १००-९४ असं हरवलं, तेही प्लेऑफमध्ये. म्हणजे साखळी फेरीनंतरच्या बाद फेरीत. मे २००८ नंतर पिस्टन्सनी प्लेऑफचा एकही सामना जिंकलेला नव्हता.

या दोन तारखांमध्ये सोळा महिने आहेत आणि एक नवा कोच आहे. त्याचं नाव जे. बी. बिकरस्टाफ. गंमत म्हणजे डेट्रॉइटनं त्याला बोलावलं, त्याच्या काही आठवडे आधी दुसऱ्या संघानं त्याला नारळ दिला होता. आणि तो गेल्यावर त्या दुसऱ्या संघाचंही भलं झालं! मग कोच चांगला होता की वाईट?

पिस्टन्स किती खाली गेले होते?

एनबीएमध्ये ३० संघ आहेत, १५ ईस्टमध्ये आणि १५ वेस्टमध्ये. प्रत्येक संघ साखळीत ८२ सामने खेळतो. दोन्हीकडचे पहिले सहा संघ थेट प्लेऑफमध्ये जातात. सातव्या ते दहाव्या क्रमांकाच्या संघांना आणखी एक पात्रता फेरी खेळावी लागते.

२०२३-२४च्या हंगामात पिस्टन्सनी ८२पैकी १४ सामने जिंकले आणि ६८ हरले. संघाच्या इतिहासातली ही सगळ्यात वाईट कामगिरी. १९८९, १९९० आणि २००४ असं तीनदा विजेतेपद मिळवलेल्या संघाची ही अवस्था होती.

डेट्रॉइट हे मोटारींचं शहर. संघाचं नावही इंजिनाच्या पिस्टनवरूनच आलंय, कारण संघाचे पहिले मालक फ्रेड झोलनर यांचा पिस्टन बनवण्याचा कारखाना होता. हे शहर २०१३ मध्ये दिवाळखोरीत गेलं. तेव्हापर्यंतची ती अमेरिकेतल्या कुठल्याही शहराची सर्वांत मोठी दिवाळखोरी होती. शहर सावरत गेलं, २०१७ मध्ये पिस्टन्स उपनगरातून पुन्हा शहराच्या मध्यभागी खेळायला आले. पण संघ काही सावरला नाही.

आणि कोच काही साधासुधा नव्हता. मॉन्टी विल्यम्स यांनी २०२१ मध्ये फिनिक्सला अंतिम फेरीत नेलं होतं आणि २०२२ मध्ये ते वर्षातले सर्वोत्तम कोच ठरले होते. पिस्टन्सनी त्यांच्याशी सहा वर्षांचा ७ कोटी ८५ लाख डॉलरचा करार केला. तेव्हा एनबीएमधल्या कोणत्याही कोचसाठी हा सर्वांत मोठा करार होता. एका हंगामानंतर, जून २०२४ मध्ये, त्यांना काढलं. तेव्हा कराराचे सुमारे साडेसहा कोटी डॉलर द्यायचे बाकी होते. म्हणजे साधारण ५५० कोटी रुपये, आणि तेही न शिकवण्याचे.

आणि आला कोण?

जे. बी. बिकरस्टाफ म्हणजे एनबीएचे जुने कोच बर्नी बिकरस्टाफ यांचा मुलगा. ह्यूस्टन, मेम्फिस आणि क्लीव्हलँडनंतर मुख्य कोच म्हणून डेट्रॉइट हा त्याचा चौथा संघ.

क्लीव्हलँड कॅव्हलियर्सची सूत्रं त्यानं २०२०च्या फेब्रुवारीत हंगामाच्या मध्येच घेतली होती. पुढच्या पूर्ण हंगामात संघानं २२ सामने जिंकले. नंतर ४४, मग ५१, मग ४८. तळातला संघ त्यानं प्लेऑफपर्यंत आणला, पण तिथे गाडी अडली. २०२३ मध्ये क्लीव्हलँड पहिल्या फेरीत हरलं. २०२४ मध्ये दुसऱ्या फेरीत बोस्टनकडून १-४ असं हरलं. संघाच्या मालकांना वाटलं, याच्याकडून जेवढं व्हायचं तेवढं झालं. २३ मे २०२४ला त्याला काढलं. जुलैच्या सुरुवातीला डेट्रॉइटनं त्याला घेतलं.

बास्केटबॉलमध्ये कोच इतका महत्त्वाचा का?

आपण क्रिकेटवाले. गौतम गंभीर भारताचा कोच झाला तोही याच जुलै २०२४ मध्ये. न्यूझीलंडनं आपल्याला घरात ३-० हरवलं तेव्हा त्याच्यावर टीका झाली आणि चॅम्पियन्स ट्रॉफी जिंकली तेव्हा कौतुक. तरीही सामना सुरू झाला की फील्डिंग लावणं, बोलर बदलणं ही कामं कॅप्टनची. कोच बाहेर बसतो.

बास्केटबॉलमध्ये तसं नाही. खेळाडू बदलण्यावर मर्यादा नाही, त्यामुळे कोण कधी आत जाणार आणि कुणासोबत खेळणार हे मिनिटामिनिटाला कोच ठरवतो. प्रत्येक संघाला सामन्यात सात टाइमआउट मिळतात. ते कधी घ्यायचे हेही तो ठरवतो आणि त्यानंतरची चाल बहुतेक वेळा त्यानंच आखलेली असते. एकाच सामन्यात त्याच्याकडून असे शेकडो छोटे निर्णय होतात. संघ हरला की प्रेक्षक पहिल्यांदा त्याच्याकडेच बघतात, ते उगाच नाही.

नेमकं काय बदललं?

सुरुवात काही चित्रपटासारखी झाली नाही. बिकरस्टाफच्या हाताखाली पिस्टन्स पहिले चारही सामने हरले. सोशल मीडियावर पुन्हा तेच जोक सुरू झाले. पण २०२४ संपायच्या आत संघाचे १४ विजय झाले होते. म्हणजे आधीच्या अख्ख्या हंगामात जेवढे जिंकले, तेवढे आता दोनच महिन्यांत. फेब्रुवारीत सलग आठ सामने जिंकले. शेवटी हिशेब झाला ४४ विजय, ३८ पराभव आणि ईस्टमध्ये सहावा क्रमांक. ८२ सामन्यांच्या हंगामात आधीच्या वर्षाच्या तिप्पट विजय मिळवणारा हा एनबीएच्या इतिहासातला पहिला संघ.

यामागे तीन गोष्टी ठळक दिसतात.

पहिली, संघ कुणाचा आहे हे स्पष्ट झालं. २०२१च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या निवडीत, पिस्टन्सनी केड कनिंगहॅमला पहिल्या क्रमांकावर घेतलं होतं. आता आक्रमण त्याच्याभोवती बांधलं गेलं. त्यानं सामन्यामागे सरासरी २६.१ पॉइंट आणि ९.१ असिस्ट केले आणि पहिल्यांदाच ऑल-स्टार झाला.

दुसरी, बचाव. पॉइंट रोखण्यात आधीच्या वर्षी पिस्टन्स तळाच्या संघांमध्ये होते. या हंगामात ते पहिल्या डझनभरात आले. बचावात चमक कमी आणि धावपळ जास्त असते. हरण्याची सवय लागलेल्या संघाकडून ती धावपळ करून घेणं हेच कोचचं खरं काम, आणि बिकरस्टाफच्या क्लीव्हलँडचीही ओळख बचावच होती.

तिसरी, प्रत्येकाला ठरलेलं काम मिळालं. मागच्या हंगामाच्या सुरुवातीला जेडन आयव्हीसारखा उमदा खेळाडू बेंचवर बसवला होता आणि त्यावर भरपूर टीका झाली होती. या वेळी तो पहिल्या पाचात होता. १ जानेवारीला त्याच्या पायाचं हाड मोडलं आणि तो हंगामाबाहेर गेला. जुना पिस्टन्स संघ इथेच कोसळला असता. या संघानं फेब्रुवारीत सलग आठ जिंकले.

मग सगळं श्रेय कोचचं?

नाही. मे २०२४ मध्ये पिस्टन्सचा सगळा बास्केटबॉल कारभार ट्रेजन लँगडन यांच्याकडे आला. संघात गुणी पोरं होती, पण लांबून नेम धरणारं कुणी नव्हतं. त्यामुळे कनिंगहॅम बास्केटकडे घुसला की समोरच्या संघाचे सगळे त्याच्याभोवती गोळा व्हायचे. लँगडन यांनी टोबायस हॅरिस, मलिक बीझली आणि टिम हार्डवे ज्युनियर हे अनुभवी खेळाडू आणले. एकट्या बीझलीनं हंगामात ३१९ थ्री-पॉइंटर मारले. पूर्ण लीगमध्ये त्याच्या पुढे फक्त एक खेळाडू होता. त्याला मोकळं सोडणं परवडेना, म्हणून कनिंगहॅमला वाट मिळाली.

शिवाय मागच्या हंगामात रक्ताच्या गाठीमुळे बाहेर बसावं लागलेला ऑसार थॉम्पसन नोव्हेंबरमध्ये परतला. तरुण खेळाडू एका वर्षानं मोठे झाले. म्हणजे विल्यम्स यांना मिळाला होता तो संघ आणि बिकरस्टाफला मिळाला तो संघ सारखा नव्हता. दोघांची तुलना करताना हे सोडून दिलं, तर तो विल्यम्स यांच्यावर अन्याय होईल.

न्यूयॉर्कनं कसं रोखलं?

प्लेऑफची पहिली मालिका निक्सविरुद्ध होती. सातपैकी चार सामने जिंकेल तो पुढे. निक्सनी ती ४-२ अशी जिंकली, पण आकडा फसवा आहे.

तिसरा सामना डेट्रॉइट दोन पॉइंटनी हरलं. चौथा एका पॉइंटनी, ९३-९४. त्यात अगदी शेवटच्या क्षणी हार्डवेनं थ्री-पॉइंटर टाकला, तेव्हा निक्सचा जॉश हार्ट त्याला धडकला. शिट्टी वाजली नाही. तो फाऊल द्यायला हवा होता, हे सामन्यानंतर मुख्य रेफरींनीच मान्य केलं. पाचवा सामना पिस्टन्सनी न्यूयॉर्कमध्ये जाऊन जिंकला. सहाव्यात जेलन ब्रन्सननं ४.३ सेकंद उरले असताना थ्री-पॉइंटर मारला आणि डेट्रॉइट ११३-११६ असं बाहेर पडलं.

घरच्या मैदानावरचे तिन्ही सामने पिस्टन्स तीन किंवा त्याहून कमी पॉइंटनी हरले. शेवटच्या दोन मिनिटांत चेंडू कुणाकडे द्यायचा आणि त्यानं अडवलं तर पुढे काय, हा प्रश्न या संघाला तेव्हा सुटलेला नव्हता. आणि बिकरस्टाफचं क्लीव्हलँडही प्लेऑफमध्ये आक्रमणातच अडकायचं.

तिकडे क्लीव्हलँडचं काय झालं?

कॅव्हलियर्सनी केनी अ‍ॅटकिन्सनला कोच केलं. पहिल्या पाचातले मुख्य चेहरे तेच राहिले. अ‍ॅटकिन्सननं खेळाचा वेग वाढवला, इव्हान मोबलीच्या हातात चेंडू जास्त दिला आणि स्टार खेळाडू डोनोव्हन मिचेलची मिनिटं कमी केली. सुरुवातच सलग १५ विजयांनी झाली. हंगाम संपला तो ६४ विजय आणि १८ पराभवांवर. आधीच्या वर्षापेक्षा १६ विजय जास्त, आणि आक्रमणात लीगमध्ये पहिला क्रमांक.

अ‍ॅटकिन्सन वर्षातला सर्वोत्तम कोच ठरला. मतांमध्ये दुसरा कोण होता? बिकरस्टाफ. ज्याला काढलं तो दुसरा आणि त्याच्या जागी आला तो पहिला.

पण मग प्लेऑफ आले. क्लीव्हलँडनं पहिल्या फेरीत मायामीला ४-० उडवलं आणि दुसऱ्या फेरीत इंडियानाकडून १-४ मार खाल्ला. दुखापतींनी घात केला हे खरं. पण फेरी दुसरीच आणि आकडाही १-४च. ज्या निकालासाठी बिकरस्टाफला काढलं होतं, अगदी तोच निकाल.

मग कोचची किंमत मोजायची कशी?

२०२५ मध्ये एनबीएनं ती फार घाईनं मोजली. मेम्फिसनं टेलर जेंकिन्सला साखळीचे नऊ सामने उरले असताना काढलं. डेन्व्हरनं मायकल मलोनला तीन सामने उरले असताना. याच मलोननं २०२३ मध्ये त्यांना पहिलंवहिलं विजेतेपद मिळवून दिलं होतं. आणि ज्या टॉम थिबोडोनं डेट्रॉइटला हरवलं आणि निक्सला २५ वर्षांनी ईस्टच्या फायनलपर्यंत नेलं, त्यालाही ३ जूनला नारळ मिळाला. २०१९ ते २०२४ या काळात सहा वेगवेगळ्या कोचनी विजेतेपद जिंकलं. त्यातल्या चौघांना त्याच संघांनी पुढे काढून टाकलंय. २०२५ मध्ये उरले होते फक्त स्टीव्ह कर आणि जो मझुला.

डेट्रॉइट आणि क्लीव्हलँड शेजारी ठेवून पाहिलं की एक गोष्ट कळते. कोचची गुणवत्ता फोनच्या बॅटरीसारखी टक्क्यांत सांगता येत नाही. फिनिक्सला अंतिम फेरीत नेणारे विल्यम्स डेट्रॉइटमध्ये १४वर थांबले. क्लीव्हलँडमध्ये अपुरा वाटलेला बिकरस्टाफ डेट्रॉइटला हवा तसाच निघाला, कारण तिथे अजून पाया भरायचा होता आणि ते काम त्यानं आधी एकदा केलेलं होतं. क्लीव्हलँडला कळस चढवणारा हवा होता. त्यांचं त्याला काढणंही चुकलं नाही आणि डेट्रॉइटचं त्याला घेणंही.

आता अडचण एवढीच आहे की पाया भरून झाला. क्लीव्हलँडमध्येही बिकरस्टाफचा दुसऱ्या पूर्ण हंगामाचा हिशेब ४४-३८ असाच होता. त्यानंतर दोन वर्षांनी त्याला निरोप मिळाला. डेट्रॉइटनं तो आकडा पहिल्याच वर्षी गाठलाय. यापुढे १४ विजयांची आठवण कुणी काढणार नाही. लोक विचारतील ते एवढंच: घरच्या मैदानावर शेवटच्या दोन मिनिटांत काय केलं?