भांडणावर जगणारा राक्षस आणि सलोख्यावर जगणारी जात

‘स्टार ट्रेक’ या अमेरिकन मालिकेचा ‘डे ऑफ द डव्ह’ हा भाग १ नोव्हेंबर १९६८ रोजी प्रसारित झाला. त्यात अवकाशात भटकणारा एक तेजाचा गोळा आहे. त्याचं अन्न म्हणजे दोन जगांमधलं वैर. तो पृथ्वीवरची माणसं आणि त्यांचे जुने शत्रू क्लिंगॉन यांना एकाच यानात आणून भिडवतो. दोन्हीकडे बरोबर ३८ जण लढायला उरतात. सगळ्यांच्या हाती तलवारी येतात. जखमा आपोआप भरून निघतात, कारण लढाई संपली तर गोळा उपाशी मरेल. चेकॉव्ह नावाचा अधिकारी क्लिंगॉनांनी मारलेल्या भावाचा सूड घ्यायला धावतो, पण त्याला भाऊच नव्हता. ती आठवण खोटी, बाहेरून पेरलेली. शेवटी दोन्ही कप्तान तलवारी टाकतात, गोळ्याला हसतात आणि तो निघून जातो.

त्याच वर्षी एप्रिलमध्ये मार्टिन ल्यूथर किंग यांची हत्या झाली होती. व्हिएतनामचं युद्ध चालू होतं. त्या काळात ‘वैर सोडा’ हे सांगणं प्रामाणिकच होतं.

पण ही गोष्ट आपल्याकडे वेगळ्या रूपात ऐकवली जाते. प्रवेशाची रँक खोदून विचारणारा रूममेट, आडनावावर थबकणारा प्राध्यापक, यांच्याबद्दल कुणी तोंड उघडलं की उत्तर ठरलेलं असतं : ‘आता कुठे राहिलीय जात? तुम्हीच विषय काढता, म्हणून ती जगते.’ म्हणजे राक्षस आपल्या बोलण्यावर पोसला जातो आणि आपण गप्प बसलो की तो मरेल.

यात एक गफलत आहे. त्या यानात ३८ विरुद्ध ३८ होते आणि तलवारी दोघांकडेही होत्या. म्हणूनच दोघांनी एकाच वेळी शस्त्र टाकण्याला अर्थ होता. बाबासाहेबांनी जातिव्यवस्थेला श्रेणीबद्ध विषमता म्हटलं, ते तिच्यात असे दोन सारखे पक्ष नसतात म्हणून. खालच्याच्या हातात टाकायला तलवार नसते. त्याच्याकडे फक्त तक्रार असते आणि तीच टाक, असं त्याला सांगितलं जातं.

महाडचं उदाहरण घ्या. सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करावेत, हा सी. के. बोले यांचा ठराव मुंबई कायदेमंडळाने १९२३ मध्ये मंजूर केला. महाड नगरपालिकेने १९२४ मध्ये चवदार तळं कागदोपत्री खुलं केलं. तरीही पुढची जवळपास तीन वर्षं अस्पृश्यांना ते पाणी घेता आलं नाही. या पाण्यावरून गावात दंगा नव्हता. सलोखाच होता म्हणा ना! जात त्या सलोख्यावर निवांत जगत होती.

२० मार्च १९२७ रोजी बाबासाहेब आणि परिषदेला आलेले हजारो लोक तळ्यावर गेले, पाणी प्यायले आणि तो सलोखा मोडला. मग अफवा उठली की हे लोक आता वीरेश्वराच्या देवळात घुसणार. असा कुठलाही बेत नव्हता. चेकॉव्हच्या भावासारखीच ही खोटी गोष्ट, पण ती पेरायला अवकाशातून कुणी यावं लागलं नाही. त्या अफवेच्या जोरावर परिषदेहून परतणाऱ्यांना मारहाण झाली. पुढे तळ्याचं ‘शुद्धीकरण’ झालं, नगरपालिकेने आपला ठराव मागे घेतला, प्रकरण कोर्टात गेलं. मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल १७ मार्च १९३७ रोजी आपल्या बाजूने लागला, म्हणजे घोटभर पाण्यानंतर दहा वर्षांनी.

या दहा वर्षांत गावाचं वातावरण कुणी बिघडवलं? त्या काळच्या महाडमध्ये बहुतेकांनी पाणी पिणाऱ्यांकडेच बोट दाखवलं असतं.

घरातले पहिले पदवीधर म्हणून आपल्यावर समंजसपणाचा दबाव जास्त असतो. शिष्यवृत्ती, शिफारसपत्र, नोकरी, सगळं कुणाच्या तरी मर्जीवर अडकलेलं असतं. म्हणून कधी गप्प बसावं लागतं आणि त्याबद्दल कुणी कुणाला दोष देऊ नये. मात्र त्या गप्प बसण्याला सलोखा म्हणू नये. आणि आपल्यातलं दुसरं कुणी बोललं, तर ‘कशाला वाद वाढवतोस’ म्हणणाऱ्यांत आपण नसावं. तेवढं तरी आपल्या हातात आहे.