आमचा हात लागला तेव्हा 108 घागरी, आता का नाही?



20 मार्च 1927. महाडच्या चवदार तळ्याचं पाणी बाबासाहेब प्याले, मागून हजारो माणसं प्याली. सनातन्यांची झोप उडाली. आमच्या हातानं पाणी बाटलं म्हणे! शेण, गोमूत्र, दूध, दही भरलेल्या 108 घागरी तळ्यात घातल्या, मंत्र म्हटले. झालं तळं शुद्ध!

मी गोदीत केमिकलचे पिंप उतरवतो आणि डोंबिवलीत राहतो. असले पिंप आमच्या एमआयडीसीत रिकामे होतात. माल मालकाचा, नफा मालकाचा. उरलेलं पाणी नाल्याचं, खाडीचं, आमचं. 2014 ला इथं हिरवा पाऊस पडला. 2020 ला रस्ता गुलाबी झाला. उल्हास-वालधुनी नासवल्याबद्दल 2015 ला हरित लवादानं कोट्यवधींचा दंड ठोकला.

सांगा, हे पाणी कुणी बाटवलं? आता कुठं गेल्या त्या घागरी?

हे पाणी मंत्रानं शुद्ध होत नाही. आम्ल चुन्यानं मारावं लागतं, गाळ बसवावा लागतो, हवा सोडून जिवाणूंना घाण खाऊ घालावी लागते. एकानं जरी रात्री कच्चं आम्ल सोडलं तरी जिवाणू मरतात, अख्खं प्रक्रिया केंद्र बसतं. प्रक्रियेला वीज लागते, पैसा लागतो. नाला फुकट असतो!

आणि तुंबलं की उतरायचं कुणी? 2013 चा कायदा आहे, कागदावर. 2018 ला डोंबिवलीच्या खंबाळपाड्यात चेंबरमध्ये उतरलेले तीन कामगार गुदमरून मेले.

वर पाणीटंचाईचं रडगाणं कारखानदारच गातात! मुरबाडचं बारवी धरण एमआयडीसीचं. त्याची उंची वाढवली, आदिवासींची घरं बुडाली. शहापूरच्या तानसा-भातशाचं पाणी मुंबई पिते, तिथल्या पाड्यावरची बाई उन्हाळ्यात टँकरची वाट बघते. माझी आई पहाटे चारला उठून नळाखाली कळशी लावते. तुम्हाला पाणी कमी पडतं? मग वापरलेलं शुद्ध करून परत वापरा. शहराचं सांडपाणी घ्या, साफ करा, बॉयलरला लावा. तंत्र आहे. नियत नाही.

तेव्हा पाण्याला हात लावायची बंदी होती. आज बंदी उठली, पण पाणीच हात लावायच्या लायकीचं ठेवलं नाही.

पोरांनो, नाल्याचं पाणी बाटलीत भरा. कारखान्याच्या गेटवर ठेवा, प्रदूषण मंडळाच्या टेबलावर ठेवा. अर्जबिर्ज नको. एवढंच म्हणा:

साहेब, बाटलं नसेल तर प्या.