गोष्टीतली माणसं : खिशात एक पान घेऊन परतलेले गंगाधरपंत

मुलांनो, सातवीच्या वर्गावर पानिपताचा धडा शिकवत होतो. 14 जानेवारी 1761. एकीकडे सदाशिवरावभाऊ, दुसरीकडे अहमदशाह अब्दाली. पेशव्यांचा थोरला मुलगा विश्वासराव, वय अवघं अठरा-एकोणीस, गोळी लागून पडला, इथपर्यंत आलो आणि मागच्या बाकावरून आवाज आला, ‘‘गुरुजी, ती गोळी लागलीच नसती तर?’’

वर्ग हसला. मला धडा संपवायची घाई होती. ‘‘इतिहासात जर-तरला जागा नसते, बस खाली,’’ म्हणालो. तो बसला. पण घरी जाताना सायकलवर माझं मलाच वाईट वाटत राहिलं. कारण हाच प्रश्न घेऊन एका थोर शास्त्रज्ञानं मोठी झकास कथा लिहिलेली आहे, आणि ती मी स्वतः दोनदा वाचलेली होती!

कथा डॉ. जयंत नारळीकरांची, ‘गंगाधरपंतांचे पानिपत’. तिचा नायक म्हणजे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे, पुण्याचे इतिहासकार. भारताच्या इतिहासाचे पाच खंड लिहिलेले. शिवाय सभांचं अध्यक्षपद भूषवण्याची दांडगी हौस. नऊशे नव्व्याण्णव सभा झालेल्या, हजारावी पानिपतावरच ठरलेली. पानिपताचा निकाल उलटा लागला असता तर काय झालं असतं, याचा विचार करत पंत रस्त्यानं चालले होते आणि ट्रकची धडक बसली. (चालताना विचार करावा, पण रस्ता बघून. हे मी रोज सांगतो.)

पंत सावरले तेव्हा सगळंच निराळं दिसायला लागलं. पुण्याहून मुंबईला निघाले तर गाडीचं नाव जिजामाता एक्स्प्रेस, आपल्या डेक्कन क्वीनपेक्षा वेगवान. वाटेत ‘सरहद’ नावाचं स्टेशन, तिथं परवाने तपासतात. कारण पुढं मुंबईत चक्क इंग्रजांचं राज्य! रस्त्यावर विलायती दुकानं, विलायती बँका. पंत आपला मुलगा विनय ज्या कंपनीत नोकरीला होता तिथं गेले. तिथल्या बाईंनी सगळ्या याद्या चाळल्या. त्या नावाचं कुणीच नव्हतं.

ही जागा आली की मी पुस्तक क्षणभर मिटतो. विचार करा, तुमचे बाबा तुम्हाला शोधत आले आणि तुमचं नावच कुठल्या यादीत नाही!

दुसरा कुणी घाबरून रडत बसला असता. पंत मात्र टाउन हॉलमधल्या एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयात गेले. इतिहासाची पुस्तकं मागवली, त्यात स्वतःचे पाच खंडही आले. पहिले चार चाळले. अशोक, समुद्रगुप्त, घोरी, औरंगजेब, सगळं ओळखीचं. म्हणजे फरक पाचव्यात. आता बघा हं या माणसाची हुशारी! पाचवा खंड त्यांनी दोन्ही टोकांकडून वाचायला घेतला, पुढूनही आणि मागूनही, आणि जिथून सगळं पालटलं ती नेमकी जागा गाठली. पानिपत. तिथं मराठे जिंकले होते! पुढं कंपनी सरकारचे पाय पसरलेच नाहीत. देशात लोकशाही आली आणि इंग्रजांकडे उरली ती फक्त मुंबई, तीही 2001 पर्यंतच्या भाडेपट्ट्यानं.

कारण काय? ‘भाऊसाहेबांची बखर’ उघडली तर तिथं विश्वासरावांना गोळी लागलेलीच नाही, कानाजवळून निघून गेलेली. फरक तिळाएवढा.

वाचता वाचता पंतांनी बखर नकळत खिशात घातली. संध्याकाळी आझाद मैदानावर व्याख्यान चाललं होतं आणि अध्यक्षांची खुर्ची रिकामी! पंतांना राहवतंय होय? जाऊन बसले. पण त्या जगातल्या लोकांना अध्यक्षांच्या भाषणांचा मनस्वी कंटाळा आलेला. टोमॅटो काय, अंडी काय, नुसता वर्षाव झाला. त्या गोंधळात पंत तिथून नाहीसे झाले ते आपल्या जगात आले. बखर तिकडंच राहिली. खिशात मिळालं ते फाटलेलं एक पान, नेमकं तेच.

ते पान पाहून त्यांचे मित्र राजेंद्र देशपांडे गंभीर झाले. तोवर त्यांना हे सारं पंतांच्या मनाचे खेळ वाटत होतं. त्यांनी विज्ञानाच्या अंगानं समजावलं ते थोडक्यात असं : इलेक्ट्रॉनसारखा अतिसूक्ष्म कण पुढच्या क्षणी नेमका कुठं असेल ते आधी सांगता येत नाही. एका जगात तो इथं सापडतो, तर दुसऱ्या जगात तिथं. अशी अनेक जगं शेजारी शेजारी असतील तर? खरं सांगायचं तर हा भाग मलाही दोन वेळा वाचून अर्धाच कळला. कुणाच्या ताईला किंवा दादाला कळत असेल तर अवश्य विचारा. कथेचं इंग्रजी रूप अकरावीच्या ‘हॉर्नबिल’ या पाठ्यपुस्तकात घेतलेलं आहे.

नारळीकर आकाशातल्या ताऱ्यांचे अभ्यासक. 1974 साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी पहिली विज्ञानकथा पाठवली ती ‘नारायण विनायक जगताप’ या नावानं, आपली आद्याक्षरं उलटी करून! नावाच्या वजनानं बक्षीस नको म्हणून. बक्षीस मिळालंच. 20 मे 2025 रोजी पुण्यात ते गेले.

दुसऱ्या दिवशी मी पुस्तक वर्गात नेलं आणि त्या मुलाला म्हटलं, ‘‘काल चुकलं माझं. तुझा प्रश्न पुन्हा विचार.’’ तो लाजला, पण विचारला. दोन तास लावून आम्ही गोष्ट वाचली. मराठे जिंकले तिथं टाळ्या पडल्या. विनय सापडत नाही तिथं कुणी बोललं नाही. शेवटी पहिल्या बाकावरच्या मुलीनं विचारलं, ‘‘गुरुजी, मग पंतांना कुठलं जग आवडलं असेल? ते, का हे?’’

वर्गाचे दोन तट पडले ते अजून तसेच आहेत. तुम्ही कुठल्या बाजूचे? घरी आई-बाबांनाही विचारा आणि मला कळवा. पंतांनी मात्र परत आल्यावर हजाराव्या सभेच्या चालकांना नम्रपणे नकार कळवून टाकला होता. त्यांच्या मते हजारावी सभा आझाद मैदानावर झालेलीच होती!