गाडीला आधी शिक्षा, खटला मागाहून!

गोव्यात रीतसर दुकानातून घेतलेले मद्य परवान्यावाचून पत्रादेवीचा नाका ओलांडून पलीकडे गेले, की तोच माल गुन्ह्याचा मुद्देमाल ठरतो आणि तो वाहणारी गाडीही जप्त होते. १९८७ च्या मे अखेरपर्यंत आमच्याच केंद्रशासित प्रदेशाचा भाग असलेल्या दमणच्या वेशीवर तर ह्या प्रश्नाची धार अधिकच तीव्र आहे. कारण तेथे वेशीपलीकडे संपूर्ण दारूबंदीचा गुजरात आहे. मद्याची चोरटी वाहतूक करणाऱ्यांविषयी आम्हांला यत्किंचितही सहानुभूती नाही. परंतु आरोपी जामिनावर सुटतो आणि गाडी मात्र ठाण्याच्या आवारात वर्षानुवर्षे ऊनपाऊस सोसत सडते, ही कोणती न्यायाची रीत?

सर्वोच्च न्यायालयाने ह्याचे उत्तर २००२ सालीच दिले आहे. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य ह्या खटल्यात, जप्त वाहने ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात काहीच अर्थ नाही, पंचनामा करून, छायाचित्रे घेऊन आणि योग्य बंधपत्र व हमी घेऊन ती सत्वर सोडावीत, असे न्यायालयाने बजावले. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ नेही न्यायालयाला मालाचे वर्णनपत्र करण्यास १४ दिवसांची आणि त्यानंतर त्याच्या विल्हेवाटीचा आदेश देण्यास ३० दिवसांची मुदत घालून दिली आहे.

मग घोडे अडते कोठे? ते विशेष कायद्यात अडते. महाराष्ट्र आणि गुजरात ह्या दोन्ही राज्यांच्या दारूबंदी कायद्यांचे मूळ १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्यात आहे. त्यातील कलम ९८ मध्ये गुजरातने पुढे दुरुस्ती केली आणि मद्य ठरावीक प्रमाणाहून अधिक सापडल्यास अंतिम निकालापर्यंत वाहन बंधपत्रावरही सोडू नये, अशी मनाई घातली. त्यामुळे दंडाधिकाऱ्याचे हात बांधले गेले. गुजरात उच्च न्यायालयाने घटनेच्या कलम २२६ खालील अधिकार वापरून अनेक वाहने सोडली आहेत, हे खरे. पण उच्च न्यायालयाची पायरी चढणे धनिकाला परवडते. कर्ज काढून टेंपो घेतलेल्या आणि तो चालकाच्या हाती सोपवलेल्या गरिबाने वकिलाची फी भरावी, की बँकेचा हप्ता?

वस्तुतः निरपराध मालकाचा विचार मूळ कायद्यानेच केला आहे. गुन्हा होऊ नये म्हणून आपण योग्य दक्षता घेतली होती, असे मालकाने न्यायालयाला पटवल्यास वाहन सरकारजमा होत नाही, असे कलम ९९ सांगते. परंतु हे पटवण्याची वेळ येईपर्यंत टायर कुजले, इंजिन गंजले, तर न्याय मिळूनही पदरात पडणार काय? लोखंडाचा सांगाडा! आणि मालक दोषी ठरला तरी त्या भंगाराच्या लिलावातून सरकारच्या तिजोरीत किती भर पडणार?

गाड्या सोडल्या तर त्या पुन्हा त्याच धंद्याला लागतील, असा आक्षेप घेतला जातो. तो अगदीच निराधार नाही. चोरकप्पे केलेल्या गाड्या आणि वारंवार पकडले जाणारे मालक ह्यांना दयामाया दाखवण्याचे कारण नाही. त्यांच्याकडून भारी हमी घ्यावी, गाडी विकण्यास मनाई करावी, प्रसंगी अर्ज फेटाळावा. मात्र हा विवेक प्रकरण पाहून न्यायालयाने करावयाचा आहे. सर्वांना एकाच दाव्याला बांधणे म्हणजे चोर सोडून संन्याशाला सुळी देणे होय. २०१६ पासून दारूबंदी असलेल्या बिहारनेही २०२२ च्या दुरुस्तीने दंड भरून वाहन सोडवण्याची वाट ठेवली. निकालाआधीच दंड घेण्याची ती पद्धत आम्हांला पसंत नाही. पण निव्वळ अडकवून ठेवण्याने काम भागत नाही, ही कबुली तीत आहेच.

म्हणून गुजरातने ही सरसकट मनाई काढून दंडाधिकाऱ्याचा अधिकार त्याला परत द्यावा, आणि जेथे तो अधिकार आहे तेथे नव्या संहितेतील मुदती कसोशीने पाळल्या जाव्यात. मद्य कोणी भरले, कोणी मागवले आणि नफा कोणाच्या खिशात गेला, हे शोधण्याचे कष्ट पोलिसांनी घ्यावेत. गुन्हेगाराला शासन अवश्य व्हावे. परंतु ते न्यायाधीशाने करावे, गंजावर सोपवू नये.