एम्प्रेस मिलचे फाटक आणि पडद्यामागचा मालक

2024 च्या फेब्रुवारीत नागपूरच्या सदर भागात चहाची गाडी लावणारा डॉली चायवाला एकाएकी जगभर पोहोचला. हैदराबादेत त्याने बिल गेट्स यांना चहा दिला. ती चित्रफीत कोट्यवधींनी पाहिली. पाहुणा कोण हे ठाऊक नव्हते, असे त्याने नंतर प्रांजळपणे सांगितले. त्यावर हसणारे पुष्कळ निघाले. परंतु हातगाडीवरचे कसब हीसुद्धा कला आहे, हे तोवर कोणत्या नाट्यगृहाने मान्य केले होते?

वऱ्हाडी वा झाडीबोलीत बोलणारा शेतमजूर, स्वयंपाकघरातील गृहिणी आज मोबाईलपुढे उभी राहून लोकांना हसवते. सुशिक्षितांनी नाके मुरडावीत, यात नवल नाही; तमाशाच्या वाट्यालाही तेच आले होते. कार्यकर्त्यांनी तरी ही चूक करू नये. आपला प्रश्न वेगळा आहे: या श्रमाचे मोल कोण ठरवते?

यूट्यूबवर दीर्घ चित्रफितींच्या जाहिरात-उत्पन्नात वाटा हवा, तर 1000 सदस्य आणि वर्षभरात 4000 तासांचे प्रेक्षण लागते. त्यानंतर 55 टक्के निर्मात्याला, उरलेले कंपनीला. ही अट आणि हा दर कंपनी एकटीच ठरवते. कोणाची चित्रफीत किती जणांपुढे जाईल, तेही तिच्याच यंत्राच्या हाती. 29 जून 2020 रोजी सरकारने टिकटॉकसह 59 ॲप्सवर बंदी घातली. कारण राष्ट्रीय सुरक्षेचे होते. पण त्यावर पोट असणाऱ्यांचा प्रेक्षक एका रात्रीत नाहीसा झाला, त्यांची विचारपूस कोणी केली?

नागपुरात 1877 साली एम्प्रेस मिल सुरू झाली. तेथील कामगाराला मालक कोण हे माहीत होते, फाटक माहीत होते. फाटकावर सभा घेता येत असे. आज गिरणीच्या जागेवर मॉल उभा आहे आणि नव्या कारखान्याला फाटकच नाही. कामगार आपापल्या घरी, एकमेकांना अनोळखी.

2020 च्या सामाजिक सुरक्षा संहितेने प्लॅटफॉर्म कामगारांना मान्यता दिली. कंपन्यांनी वार्षिक उलाढालीच्या 1 ते 2 टक्के रक्कम त्यांच्या सुरक्षेसाठी द्यावी, अशी तरतूद तीत आहे. सातव्या अनुसूचीत आशय व माध्यम सेवांचाही उल्लेख आहे. चित्रफिती बनवणारे या तरतुदीत येतात, हे सरकारने निःसंदिग्धपणे जाहीर करावे. वाट्याचा दर त्यांच्या संघटनेशी वाटाघाट केल्यावाचून बदलू नये.

त्यासाठी आधी संघटना हवी. गावोगावच्या या कलावंतांना एकत्र बसवणे, हे काम आपले आहे.