पावडर स्वस्त झाली, लोशन नाही: बाळाच्या त्वचेचा प्रश्न राज्यांच्या सीमेवर कुठे अडतो?

२२ सप्टेंबर २०२५ पासून जीएसटीचे नवे दर लागू झाले. काय स्वस्त झाले याच्या याद्या तेव्हा घराघरांत फिरल्या आणि त्यात लहान मुलांच्या वस्तूही होत्या. डायपर आणि दुधाच्या बाटल्या १२ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आल्या. टाल्कम पावडर, शाम्पू, केसांचे तेल आणि साबणाची वडी १८ वरून ५ टक्क्यांवर आली. आईबापांना बरे वाटले, आणि वाटायलाच हवे. पण यादी नीट वाचली तर एक विसंगती दिसते. अंगाला लावायची लोशने आणि मॉइश्चरायझर क्रीम १८ टक्क्यांतच राहिली. बाटलीतला बॉडी वॉशही तिथेच राहिला.

म्हणजे बाळाला जिची गरज नाही असे बालरोगतज्ज्ञ सांगत आले आहेत, ती पावडर स्वस्त. कोरड्या, खाजऱ्या त्वचेच्या मुलाला जे रोज लागते ते मात्र महागच. हे कोणी मुद्दाम केले असे म्हणता येणार नाही. साबण, पावडर या रोजच्या वस्तू आणि क्रीम-लोशन म्हणजे सौंदर्यप्रसाधन, ही जुनी विभागणी तशीच पुढे चालली, एवढेच. पण हीच विभागणी प्रश्नाच्या मुळाशी आहे. औषधे व सौंदर्यप्रसाधने कायदा, १९४० आणि सौंदर्यप्रसाधने नियम, २०२० यांच्या नजरेत बाळाचे लोशन आणि मोठ्यांची लिपस्टिक एकाच खात्यात मोडतात. बाळांची पावडर, बाळांचा साबण अशा काही वस्तूंसाठी वेगळी भारतीय मानके आहेत. पण डब्यावर ‘बेबी’ किंवा ‘जेंटल’ छापले म्हणून तो माल जास्त कडक तपासणीतून आलाय असे समजायचे कारण नाही.

एका कारखान्याची तीन प्रकरणे

व्हॉट्सअॅपवर ‘बेबी पावडरवर बंदी’ असा मेसेज वर्षातून दोनदा तरी येतो. त्यात तीन वेगळी प्रकरणे एकत्र कालवलेली असतात. ती सुटी करून पाहिली तर यंत्रणा कशी चालते हे कळते.

पहिले प्रकरण २०१३ चे. जॉन्सन अँड जॉन्सनच्या मुंबईतल्या मुलुंड कारखान्यात २००७ साली पावडरीच्या काही बॅचेस इथिलीन ऑक्साइड वायूने निर्जंतुक केल्या गेल्या, यावरून महाराष्ट्राच्या अन्न व औषध प्रशासनाने परवाना रद्द करण्याचा आदेश काढला. माल २००७ चा आणि आदेश २०१३ चा!

दुसरे प्रकरण अॅस्बेस्टॉसचे. डिसेंबर २०१८ मध्ये परदेशी वृत्तसंस्थेच्या बातमीनंतर भारतातही नमुने घेतले गेले. सरकारी तपासणीत अॅस्बेस्टॉस सापडले नाही आणि फेब्रुवारी २०१९ मध्ये उत्पादन पुन्हा सुरू झाले. अमेरिकेत मात्र हजारो दावे उभे राहिले. कंपनीने आरोप नाकारले, पण अमेरिका आणि कॅनडात २०२० मध्येच टाल्कची बेबी पावडर विकणे थांबवण्याचा निर्णय घेतला. २०२३ पासून जगभर टाल्कऐवजी मक्याच्या स्टार्चची पावडर, असे कंपनीने ऑगस्ट २०२२ मध्ये जाहीर केले. जुलै २०२४ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने टाल्कला ‘बहुधा कर्करोगकारक’ गटात टाकले.

तिसरे प्रकरण पीएचचे, म्हणजे आम्ल-अल्कधर्मी प्रमाणाचे. डिसेंबर २०१८ मध्ये पुणे आणि नाशिकमधून घेतलेले नमुने बाळांच्या पावडरीच्या मानकात, आयएस ५३३९ मध्ये, पीएचच्या चाचणीत बसले नाहीत. कोलकात्याच्या केंद्रीय प्रयोगशाळेनेही तसाच अहवाल दिला. त्यावर परवाना रद्द करण्याचा आदेश निघाला सप्टेंबर २०२२ मध्ये. कंपनी उच्च न्यायालयात गेली, नव्या नमुन्यांची तपासणी झाली, ते मानकात बसले, आणि जानेवारी २०२३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने प्रशासनाचे आदेश रद्द केले. एवढा उशीर आणि एका जुन्या नमुन्यावरून एवढी टोकाची कारवाई न्यायालयाला पटली नाही.

कंपनी बरोबर की प्रशासन, हा वाद वकिलांचा. पालकांनी यातून एक गोष्ट घ्यायची. नमुना घेणे आणि आदेश निघणे यात पावणेचार वर्षे गेली. तोवर त्या बॅचचे डबे विकले गेले, वापरून झाले आणि ती बाळे शाळेत जायला लागली. तपासणी होते, पण ती आपल्या बाळाच्या वेळेत होत नाही.

माल सीमेपलीकडे जातो, निरीक्षक जात नाही

आपल्याकडे, सीमेवर, यात आणखी एक पदर आहे. सौंदर्यप्रसाधन बनवण्याचा परवाना कारखाना ज्या राज्यात आहे ते राज्य देते. आयात मालाची नोंदणी केंद्राकडे होते. दुकानातून नमुना उचलणारा औषध निरीक्षक मात्र दुकान ज्या राज्यात आहे त्या राज्याचा. आणि सौंदर्यप्रसाधन विकायला दुकानदाराला औषधासारखा विक्री परवाना लागतच नाही. त्यामुळे मेडिकलपासून म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारातल्या पथारीपर्यंत कुठेही बेबी लोशन मिळते.

निपाणीचे कुटुंब कोल्हापुरात खरेदी करते, चंदगडचे बेळगावात, दोडामार्गचे डिचोलीत. कारखाना असतो तिसऱ्याच राज्यात, कधी हिमाचलात तर कधी गुजरातेत. अशा वेळी तक्रार मुंबईला करायची, बेंगळुरूला की पणजीला, हे सामान्य माणसाला माहीत नसते. इंदूर-ग्वाल्हेरचा मामला भोपाळकडे, वडोदऱ्याचा गांधीनगरकडे, हैदराबादचा तेलंगणाच्या औषध नियंत्रण प्रशासनाकडे. आपण बातम्या मराठीत वाचतो, म्हणून मुंबईचा आदेश आपल्यालाही लागू झाला असे वाटते. तसे नसते.

उलटा अनुभवही आहे. मार्च २०१९ मध्ये राजस्थानच्या प्रयोगशाळेने याच कंपनीच्या बेबी शाम्पूच्या दोन बॅचेसमध्ये फॉर्मल्डिहाइड असल्याचे म्हटले. राष्ट्रीय बाल हक्क संरक्षण आयोगाने तो शाम्पू विक्रीतून हटवायला राज्यांना सांगितले. पुढे केंद्रीय फेरतपासणीत तसे काही आढळले नाही, असे कंपनीने जाहीर केले. पहिली बातमी घराघरांत पोहोचली, दुसरी किती जणांनी वाचली? एका राज्याचा अहवाल दुसऱ्या राज्यात अफवा होऊन येतो आणि खुलासा तिथेच राहतो.

डब्याच्या मागची बारीक अक्षरे

सीमाभागात दुकानाची पाटी कोणत्या भाषेत, यावर आंदोलने होतात. डब्यामागचा मजकूर कोणत्या भाषेत, यावर कोणी बोलत नाही. पाकीटबंद मालाच्या केंद्रीय नियमांनुसार आवश्यक माहिती देवनागरी लिपीतल्या हिंदीत किंवा इंग्रजीत असली की पुरते. व्यवहारात ती इंग्रजीतच असते, तीही भिंग घेऊन वाचावी अशी. मराठी आई आणि कन्नड आई इथे एकाच अडचणीत आहेत.

त्याहून गंभीर सवलत छोट्या पाकिटांची. घटकांची यादी छापणे बंधनकारक आहे, पण ६० मिलीपेक्षा कमी द्रव आणि ३० ग्रॅमपेक्षा कमी घट्ट मालाला त्यातून सूट आहे. हातावर पोट असलेले घर नेमके छोटे पाकीट घेते. म्हणजे ज्याला माहितीची जास्त गरज, त्यालाच ती मिळायची हमी नाही.

मोठ्या पाकिटावर पाहायच्या गोष्टी मोजक्या आहेत. उत्पादकाचे नाव-पत्ता, बॅच क्रमांक, उत्पादन परवाना क्रमांक आणि वापराची मुदत. आयात माल असेल तर आयातदाराचा पत्ता आणि नोंदणी प्रमाणपत्राचा क्रमांक. यातले काही नसेल तर तो डबा, कितीही गोंडस बाळाचे चित्र असो, परत ठेवावा. घटक एक टक्क्याच्या वर असतील तर जास्त ते कमी अशा क्रमाने लिहिलेले असतात. यादी जेवढी आखूड आणि सुगंधाचा घटक नसेल, तेवढे बाळाला बरे. ‘परफ्यूम’, ‘पारफम’ किंवा ‘फ्रॅग्रन्स’ हा शब्द दिसला की त्यात वास आहे असे समजावे. मिथाइलआयसोथायाझोलिनोन हे लांबलचक नावाचे संरक्षक रसायन युरोपने अंगावर राहणाऱ्या प्रसाधनांत २०१७ पासून बंद केले आहे, कारण त्याची अॅलर्जी वाढत होती. ओल्या वाइप्स घेताना हे नाव जरूर शोधा.

‘आयुर्वेदिक’ लिहिलेल्या तेला-उटण्यांचा परवाना याच कायद्याच्या वेगळ्या प्रकरणाखाली, आयुष विभागाकडून मिळतो. नैसर्गिक म्हणजे निर्धोक असे कोणताच कायदा म्हणत नाही.

मग लावायचे काय?

बहुतेक बाळांना फारच थोडे लागते. जन्मानंतर पहिली अंघोळ २४ तास लांबवावी, असे जागतिक आरोग्य संघटना सांगते. अंगावरचा पांढरा थर घासून काढायचा नसतो. बाळाची त्वचा जन्मल्यावर हळूहळू किंचित आम्लधर्मी होत जाते आणि नेहमीचा साबण अल्कधर्मी असतो. त्यामुळे कोमट पाणी पुरते, साबण लागलाच तर सौम्य आणि थोडा. पूर्ण दिवसांच्या निरोगी बाळाला त्वचारोग होऊ नयेत म्हणून सरसकट क्रीम लावायची शिफारस ही संघटना करत नाही. हलक्या हाताच्या मालिशला मात्र तिची हरकत नाही. म्हणजे आजीचा तेलाचा हात चालेल, जोर नको.

तेल कोणते, हे आपल्याकडे प्रदेशावर ठरते. कोकण-गोव्यात खोबरेल, तर ग्वाल्हेरकडच्या घरांत शेजारपाजारचे बघून मोहरीचे. मोहरीचे तेल नाजूक त्वचेला त्रासदायक ठरू शकते असे अभ्यासांत दिसले आहे, तिथे साधे खोबरेल बरे. डाळीचे पीठ आणि हळद चोळून लव काढायचा आग्रह सोडावा, ती आपोआप जाते.

पावडर मुळातच टाळावी. टाल्क असो की मक्याची, ती उडून श्वासात जाते. गोव्याच्या दमट हवेत घामोळ्याला सैल सुती कपडा आणि वारा हाच उपाय. ग्वाल्हेर-इंदूरच्या कोरड्या थंडीत त्वचा फुटत असेल तर अंघोळीनंतर लगेच बिनवासाचे मॉइश्चरायझर किंवा साधे व्हॅसलीन लावावे. लंगोटाच्या जागी लाली आली तर डायपर लवकर बदलणे आणि झिंक ऑक्साइडचे मलम एवढ्याने बहुतेकदा भागते. सहा महिन्यांखालच्या बाळाला सनस्क्रीनऐवजी सावली.

दोन गोष्टी मात्र ठामपणे नको. एक, काजळ आणि सुरमा. प्रसाधनांत शिसे आणि आर्सेनिकच्या संयुगांचा रंग वापरायला नियमाने मनाई आहे, पण पारंपरिक सुरमा हा मुळातच शिशाच्या खनिजाचा असतो. चारमिनारच्या बाजारातून कोणी प्रेमाने आणला तरी बाळाच्या डोळ्यांत घालू नये. दोन, मेडिकलवाल्याने ‘सगळ्यावर चालते’ म्हणून दिलेली मलमाची ट्यूब. त्यात बऱ्याचदा स्टेरॉइड असते. ते औषध आहे, डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय बाळाला लावायचे नाही.

बिघडले तर कुठे जायचे?

अंगावर चट्टे उठले तर वापर थांबवा, पण डबा फेकू नका. बॅच क्रमांकाचा फोटो काढा, बिल जपा, डॉक्टरांचा कागद घ्या. मालाच्या दर्जाची तक्रार जिथे विकत घेतला त्या राज्याच्या औषध निरीक्षकाकडे जाते. या कायद्याचे कलम २६ फारसे कोणाला माहीत नाही. त्यानुसार कोणीही व्यक्ती ठरलेले शुल्क भरून विकत घेतलेले प्रसाधन सरकारी विश्लेषकाकडून तपासून घेऊ शकते.

नुकसानभरपाईचा रस्ता सीमेवरच्या माणसाला अधिक सोपा आहे. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ प्रमाणे आपण राहतो त्या जिल्ह्याच्या आयोगात तक्रार करता येते. कोल्हापुरात घेतलेल्या डब्यासाठी निपाणीकराला कोल्हापूरच्या खेपा घालाव्या लागत नाहीत, बेळगावच्या आयोगात जाता येते. पाच लाखांपर्यंतच्या खरेदीला शुल्कही नाही. आधी १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर फोन करून पाहावा.

सरकारांकडून मागायचे तेही फार मोठे नाही. केंद्रीय औषध नियंत्रण संस्था दर महिन्याला नापास मालाची यादी जाहीर करते, तिच्यात प्रसाधनेही येतात. ती यादी इंग्रजीत संकेतस्थळावर पडून राहते. ती मराठी-कन्नड-कोंकणीत प्राथमिक आरोग्य केंद्रात लागावी, आशाताईंच्या मोबाइलवर जावी. बाळांच्या मालापुरती तरी छोट्या पाकिटांची सूट काढावी. आणि जीएसटी परिषदेने पुढच्या वेळी पावडरीसोबत मुलांच्या साध्या मॉइश्चरायझरचाही विचार करावा. यातल्या एकाही मागणीसाठी सीमाप्रश्नाच्या निकालाची वाट बघायची गरज नाही.